आठ सेंटची फाईल अडीच वर्षं अडकलीय, हायकोर्टात जाऊ का?

पत्र: नमस्कार दादा, आम्ही मूळचे खानापूर तालुक्यातले, मिस्टरांचं त्रिशूरला गलाईचं (सोनं-चांदी गाळायचं) दुकान आहे, वीस वर्षं झाली. २०१९ ला शहराबाहेर माझ्या नावावर ८ सेंट (सेंट म्हणजे एकराचा शंभरावा भाग) जागा घेतली. दोन्ही बाजूला बंगले आहेत, मागच्या अंगाला नारळाची झाडं, समोर डांबरी रस्ता. कागदावर 'निलम्' लिहिलंय ते आम्ही वाचलं होतं पण आम्हाला वाटलं निलम् म्हणजे नुसती जमीन. आता पंचायत बांधकामाला परवानगी देत नाही, बँक लोन देत नाही, म्हणे ही भातशेती आहे आणि डेटा बँकेत, म्हणजे भातजमिनींच्या सरकारी यादीत आहे. फेब्रुवारी २०२३ ला अक्षय सेंटरमधून (इथलं सरकारी सेवा केंद्र) यादीतून जागा काढायचा फॉर्म ५ भरला. तेव्हापासून कधी साहेब नाहीत, कधी कृषी ऑफिसरचा रिपोर्ट नाही, आणि मागच्या महिन्यात म्हणाले फाईलच इथं नाही. एक एजंट ६० हजार मागतोय. मिस्टर म्हणतात ओणमच्या सुट्टीत ऑफिसं बंद असतात, रात्रीत दहा-बारा टिप्पर माती टाकून मोकळं होऊ. शेजारी म्हणतात हायकोर्टात जा, कोर्ट ऑर्डर देतं. पण साहेबांनी डूख धरला तर? काय करू? – स., त्रिशूर

ताई, आधी मिस्टरांचं बघू, कारण ओणम तोंडावर आलाय आणि टिप्परवाल्याला ॲडव्हान्स दिला असेल तर तो परत मागायला लागेल. माती टाकायची नाही. एक टिप्पर पण नाही. केरळचा भातजमिनी आणि पाणथळ जागा राखायचा कायदा २००८ चा आहे, त्यात परवानगीशिवाय भराव टाकला तर कमीत कमी ६ महिने आणि जास्तीत जास्त २ वर्षं कैद आहे, वर ५० हजार ते १ लाख दंड, गाडी जप्त होते ते वेगळंच, आणि कलेक्टरनं मनात आणलं तर टाकलेली माती तुमच्याच खर्चानं उचलायला लावतो. ऑफिसला सुट्टी असते, शेजाऱ्याच्या मोबाईलला नसते. आणि शिक्षेचं सोडा, मुळात त्या मातीचा उपयोगच नाही, कारण तुमच्या जागेचा निकाल ती आज कशी दिसते यावर लागणारच नाहीये, १२ ऑगस्ट २००८ ला कशी होती यावर लागणार आहे. त्या दिवशी कायदा लागू झाला. आज माती टाकून २००८ साल बदलत नाही, उलट साहेब म्हणणार की बघा, यांना माहीत होतं हे भातखाचर आहे म्हणूनच रात्रीत भरलं.

आता निलम्. शब्दाचा नुसता अर्थ घेतला तर तुम्ही म्हणता ते खरंय, पण केरळच्या महसूल कागदावर निलम् म्हणजे भाताची ओली जमीन आणि पुरयिडम म्हणजे कोरडी, घर-बागेची जमीन. आपल्याकडं सात-बारावर जिरायत-बागायत लिहितात तसं धरा, फक्त इथं त्या एका शब्दावर घर अडतं. माझे मामा कोचीला गलाईच्या दुकानात पंचवीस वर्षं होते, मल्याळम अशी बोलायचे की तिथल्या लोकांना ते तिथलेच वाटायचे, पण त्यांनीही जागा घेताना हा शब्द वाचून सोडून दिला होता, तेव्हा तुम्ही स्वतःला फार बोल लावून घेऊ नका.

कायद्यावर राग येतो ते समजू शकतो. पण तो उगीच केलेला नाही एवढं सांगतो. १९७० च्या दशकात केरळात पावणेनऊ लाख हेक्टरच्या आसपास भात होता, आता तो दोन लाखांच्या आसपास आलाय. त्रिशूरहून गुरुवायूरच्या रस्त्याला लागलं की पुझक्कलची खाचरं लागतात ना, पावसात जिकडंतिकडं पाणीच पाणी, ते पाणी तिथं मावतं म्हणून गावात येत नाही. तुमच्याकडची कोळे जमीन, म्हणजे ती पाणथळ भातखाचरं, तर बरीचशी समुद्रसपाटीच्या खाली आहे. २०१८ चा पूर तुम्ही तिथं राहून बघितलाय, मी वेगळं काय सांगू. गडबड झाली ती यादीत. कुठली जमीन भाताची हे ठरवायला गावोगावच्या समित्यांनी डेटा बँक बनवली, कृषी ऑफिसर, व्हिलेज ऑफिसर, पंचायत आणि काही शेतकरी असे त्यात. बऱ्याच ठिकाणी जुनं रजिस्टर उघडलं, निलम् दिसलं की टाक यादीत, जागेवर जाऊन बघायचे कष्ट कोण घेतो. त्यामुळं २००८ च्या आधीच भरून घर झालेल्या, नारळ लागलेल्या जागासुद्धा आत गेल्या. अशी चुकून गेलेली जागा यादीतून काढायचा अर्ज म्हणजे तुमचा फॉर्म ५.

आणि हे अर्ज इतके आले की पार तुंबले. २०२२ च्या सुरुवातीला राज्यात लाखावर अर्ज पडून होते. त्याच वर्षी फेब्रुवारीत एका मच्छीमारानं चार सेंटच्या कागदासाठी हेलपाटे मारून मारून जीव दिला, तेव्हा कुठं मंत्रालयापर्यंत हलचल झाली, जास्तीची माणसं लावली. तरी हे अर्ज निकाली काढणारे आरडीओ (आपल्याकडचे प्रांत) राज्यात २७ आणि अर्ज लाखांत, मग काय होणार. म्हणून कायदा बदलून आरडीओचे हे अधिकार डेप्युटी कलेक्टरांनाही दिले आणि जुलै २०२४ पासून तालुक्या-तालुक्यानं कामाची वाटणी झाली.

इथं तुमच्या पत्रातल्या एका वाक्यावर मी अडखळलो. 'फाईलच इथं नाही.' ताई, ते खोटं बोलत नसावेत. तुम्ही अर्ज केला २०२३ ला आरडीओकडं, मधे अधिकार वाटले गेले, बहुतेक तुमची फाईल तुमच्या तालुक्याच्या डेप्युटी कलेक्टरकडं गेलीय आणि तुम्ही अजून जुन्याच दारात उभ्या आहात. अक्षय सेंटरमध्ये अर्ज क्रमांक टाकून आत्ता फाईल कुणाच्या लॉगिनला आहे ते बघून घ्या, आणि त्याचा प्रिंट काढून ठेवा. हे कोर्टात जाण्याआधी कळायलाच पाहिजे, नाहीतर याचिकेत चुकीचा साहेब पार्टी होतो, ऑर्डर चुकीच्या साहेबाला जाते, तो कळवतो की हे माझ्याकडं नाही, आणि तुमचे आणखी तीन-चार महिने जातात. (माझी स्वतःची एनएची (बिगरशेती परवानगीची) फाईल एकदा अशीच हरवली होती, आमच्याच तालुक्याला. शेवटी सापडली ती बदली होऊन गेलेल्या क्लार्कच्या कपाटात, गणपतीच्या वर्गणीच्या पावतीपुस्तकाखाली. कुणी मुद्दाम दाबली नव्हती, नुसती विसरली होती. मला तर तेव्हा दाबली असती तर बरं असं वाटलं, निदान कुणाच्या तरी लक्षात राहिली असती.)

आपल्याकडच्या एनएवरून एक समज असतो तोही सोडा. महाराष्ट्राच्या महसूल संहितेत ४४ कलमात असं होतं की कलेक्टरनं ९० दिवसांत कळवलं नाही तर परवानगी मिळाली असं समजायचं. केरळच्या फॉर्म ५ ला असं काही नाही. साहेब गप्प बसला तर तुम्ही वाट बघत बसायचं एवढंच. म्हणून तर सगळे हायकोर्टात जातात.

आता मुख्य प्रश्न, जाऊ का? माझं मत, जा, पण काय मिळणार ते नीट समजून जा. शेजारी म्हणतात कोर्ट ऑर्डर देतं. देतं की. पण ती ऑर्डर 'ही जागा पुरयिडम करा' अशी नसते, 'या अर्जावर अमुक दिवसांत निर्णय घ्या' अशी असते. तुमच्यासारख्या याचिका एर्नाकुलमला हायकोर्टात रोजच्या बोर्डावर ढिगानं असतात, बरेचदा पहिल्याच तारखेला सरकारी वकील उभे राहतात आणि तिथंच निकाल होतो. सॅटेलाईटचा रिपोर्ट मागवून निर्णय करायचा असेल तर ९० दिवस, साहेब स्वतः जागा बघणार असतील तर दोन महिने, असा मजकूर अनेक ऑर्डरींमध्ये सापडतो. म्हणजे कोर्ट तुम्हाला तारीख देतं. त्या तारखेला साहेब हो म्हणेल का नाही, ते फाईलमध्ये काय आहे त्यावर. नुसतीच ऑर्डर घेऊन गेलेल्या लोकांचं काय होतं माहितीय का, ऐंशीव्या दिवशी साहेब घाईघाईत कृषी ऑफिसरचा जुना रिपोर्ट काढतो, त्यात लिहिलेलं असतं 'जागा पडीक, पावसात पाणी साचतं, भाताला योग्य', आणि त्याखाली नामंजूर लिहून मोकळा. कोर्टाची ऑर्डर पाळली गेली, तुमचा अर्ज गेला.

मग दुसरी फेरी, त्या नकाराविरुद्ध परत याचिका. आणि गंमत बघा, ही दुसरी फेरी लोक बरेचदा जिंकतात, कारण हायकोर्टानं या बाबतीत वर्षानुवर्षं तेच ते सांगितलंय. २०२० मध्ये सांगितलं की जागा पडीक आहे, पावसात पाणी साचतं, एवढ्यावर ती भातजमीन किंवा पाणथळ होत नाही. २०२१ आणि २०२३ मध्ये सांगितलं की साहेबानं स्वतः बघायचं की १२ ऑगस्ट २००८ ला जागेचं रूप काय होतं आणि ती भातासाठी खरंच योग्य होती का, कृषी ऑफिसरच्या कागदावर नुसता अंगठा उठवायचा नाही. नियमातच आहे की एकतर साहेबानं जागेवर जावं नाहीतर सॅटेलाईटची चित्रं मागवावीत. दोन्ही न करता नामंजूर केलं तर कोर्ट ऑर्डर रद्द करतं आणि परत पाठवतं, नव्यानं ठरवा म्हणून. पण परत पाठवतं, लक्षात आलं ना? म्हणजे परत तोच साहेब, परत तीन महिने. तुम्हाला ही दुसरी फेरी वाचवायची असेल तर जी तयारी लोक नकार आल्यावर करतात ती तुम्ही आत्ता, पहिल्या याचिकेच्या आधी करा.

तयारी म्हणजे काय, तर २००८ चा पुरावा. त्यातला सगळ्यात वजनदार कागद तिरुवनंतपुरमच्या रिमोट सेन्सिंग केंद्राचा रिपोर्ट, केएसआरईसी म्हणतात त्याला. ते जुनी सॅटेलाईट चित्रं काढून बघतात आणि लिहितात की २००८ च्या चित्रात तुमच्या सर्व्हे नंबरवर काय दिसतं, भाताचं खाचर, का पडीक, का झाडोरा. तो रिपोर्ट कृषी भवनाच्या मार्फत मागवला जातो आणि त्याची फी तुम्ही भरायची असते. तुमच्या फाईलमध्ये तो मागवलाय का? बहुतेक नाही. कृषी भवनात लेखी अर्ज द्या की आमची फी भरायची तयारी आहे, रिपोर्ट मागवा, आणि त्या अर्जावर शिक्का मारून पोच घ्या. पोच देत नसतील तर रजिस्टर पोस्टानं पाठवा. तोंडी बोलणं कोर्टात दाखवता येत नाही.

तुमचे नारळ. पत्रात तुम्ही ते सहज लिहून गेलात, पण तुमच्या केसमध्ये बंगल्यांपेक्षा ते नारळ महत्त्वाचे आहेत. किती आहेत, तुमच्या आठ सेंटमध्ये आहेत का शेजाऱ्याच्या, आणि किती वर्षांचे? माझा एक पाहुणा रत्नागिरीचा, त्यानं मला शिकवलं, माडाच्या खोडावर जुनी झावळी गळून पडली की एक वण राहतो, वर्षाला साधारण बारा-चौदा झावळ्या येतात, तेव्हा वण मोजून बारानं भागलं की अंदाजे वय निघतं, त्यात खोड धरायच्या आधीची सुरुवातीची चार-पाच वर्षं मिळवायची. दोनशेच्या वर वण असतील तर तो माड २००८ ला उभा होता असं म्हणायला जागा आहे. याला कुणी कोर्टाचा पुरावा म्हणणार नाही, पण तुमची केस खरी आहे का नाही हे तुम्हाला स्वतःला कळेल, आणि साहेब जागेवर आले तर बोट दाखवायला बरं. त्या माडांचे फोटो काढा, मागं बंगल्याचा कोपरा दिसेल असे. गूगल अर्थवर जुन्या सालाची चित्रं बघायची सोय आहे, दुकानातल्या कुणा पोराला सांगा, तुमच्या भागाचं २००८ च्या आसपासचं मिळालं तर बघा. शेजारचे बंगले कधीचे आहेत, त्यांच्या घरपट्टीच्या जुन्या पावत्या मिळतात का तेही विचारा.

आता कडू बोलतो. हे सगळं बघून जर असं निघालं की २००८ ला तिथं खरंच भात होता, माड नंतर लावलेत, बंगले नंतर झालेत, तर कोर्टात पैसे घालू नका. घर बांधायला पंचायत हद्दीत १० सेंटपर्यंत भातजमीन वापरायला देण्याची एक वेगळी वाट कायद्यात आहे, एजंट तुम्हाला ती दाखवेल, पण हायकोर्टाच्या पूर्णपीठानं सांगून ठेवलंय की ती २००८ नंतर जमीन विकत घेतलेल्यांसाठी नाही. तुमची २०१९ ची खरेदी. मग त्या जागेत केळी लावा, भात लावणाऱ्याला द्या, नाहीतर जे येतील ते पैसे घेऊन विका, पण घेणाऱ्याला निलम् म्हणजे काय ते सांगून विका. तुम्हाला कुणी सांगितलं नव्हतं म्हणून तर हे सगळं झालं.

डूख धरण्याचं म्हणाल तर, केरळात महसूल ऑफिसवर अशा ऑर्डरी इतक्या येतात की साहेबाला तुमचं नावही लक्षात राहणार नाही. मला खटकतं ते वेगळंच. अर्ज ज्येष्ठतेनं घ्यायचे असं सरकार म्हणतं, पण कोर्टाची ऑर्डर असलेली फाईल वर जाते आणि एर्नाकुलमला वकील लावायची ऐपत नसलेल्याची तेवढीच खाली सरकते. कोर्टाचा धाक नसता तर फायली हलल्याच नसत्या हेही खरं, आणि त्यामुळं रांग मोडली हेही खरं. तुम्ही अडीच वर्षं रांगेत थांबलात, तेव्हा तुम्ही अपराधी वाटून घेऊ नका.

वकिलाची ऐपत म्हटलं म्हणून आठवलं, जागा तुमच्या नावावर आहे ना? मग ऐका. मोफत कायदेशीर मदतीच्या कायद्यात बाईमाणसाला उत्पन्नाची अट नाही. जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाचं ऑफिस त्रिशूरला आहे, हायकोर्टासाठीची समिती एर्नाकुलमला. तिथं अर्ज केला तर सरकारी खर्चानं वकील मिळू शकतो. दुकान बरं चाललंय म्हणून संकोच वाटत असेल तर स्वतःचा वकील लावा, पण फी आधी ठरवा, याचिकेची वेगळी आणि पुढं नकार आला तर दुसऱ्या फेरीची वेगळी, नाहीतर वकील पहिली ऑर्डर हातात देऊन नमस्कार करतो. आणि एजंटचे ६० हजार? तो बहुतेक यातलीच याचिका कुणा वकिलाकडून करून घेणार आणि 'वर द्यावे लागतात' म्हणून तुम्हाला हिशोब सांगणार. लाच असेल तर ती दिलीत म्हणून तुम्हीही अडकता.

याचिकेच्या आधी दहा रुपये खर्चून माहिती अधिकाराचा एक अर्जही टाका. इंग्रजीत चालतो, मल्याळम लिहिता येत नसेल तरी अडत नाही. एवढंच मागा: माझा अर्ज आल्यापासून आजपर्यंत कुठल्या टेबलावर किती दिवस होता, कृषी ऑफिसरनं काय रिपोर्ट दिला त्याची कॉपी, सॅटेलाईट रिपोर्ट मागवला का. ३० दिवसांत उत्तर द्यायला लागतं. उत्तर आलं तर वकिलाच्या हातात हत्यार, नाही आलं तर तेही याचिकेत लिहायला बरं. आणि कृषी ऑफिसरचा रिपोर्ट तुमच्या विरुद्ध असेल तर तो तुम्हाला साहेबाच्या नकारात नाही, आधीच कळेल, म्हणजे त्याला उत्तर देऊन ठेवता येईल.

कोर्टाची ऑर्डर मिळाली की घरात देव्हाऱ्यात ठेवू नका. (हसू नका, मी बघितलंय.) ९० दिवस निकालाच्या तारखेपासून मोजले जातातच असं नाही, बहुतेक ऑर्डरींमध्ये ते तुम्ही निकालाची प्रत साहेबाला दिल्यापासून मोजायचे असतात. प्रत नेऊन द्या, सोबत याचिकेची कॉपी, फोटो, सगळं लावा, आणि पोचवर तारीख आणि शिक्का घ्या. मुदत संपली आणि काही झालं नाही तर वकिलाकडून अवमान याचिका, ती एक वर्षाच्या आत करायची असते. बरेचदा त्याची नोटीस गेली तरी फाईल हलते.

आणि फॉर्म ५ मंजूर झाला म्हणजे गंगेत घोडं न्हालं असं नाही हो. तेव्हा फक्त जागा डेटा बँकेतून बाहेर येते, रजिस्टरवर निलम् ते निलम्च. मग रजिस्टरवरचं निलम् बदलायचा अर्ज म्हणजे फॉर्म ६, तो मंजूर झाला की तहसीलदाराकडं रजिस्टर दुरुस्ती, मग टॅक्सची पावती पुरयिडम म्हणून, आणि मग पंचायत. फॉर्म ६ ला २५ सेंटपर्यंत फी माफ आहे, तुमची आठच, पण इथं एक खोच आहे. माफी ३० डिसेंबर २०१७ ला तो तुकडा केवढा होता त्यावर आहे. तुमची खरेदी २०१९ ची. विकणाऱ्यानं तुम्हाला विकताना मोठ्या प्लॉटमधून आठ सेंट तोडून दिली असतील तर माफी मिळणार नाही, जागेच्या सरकारी दराच्या १० टक्के भरायला लागतील. तुमच्या खरेदीखताबरोबर जुनं खत मिळालं असेल, तिथं मुन्नाधारम म्हणतात, ते काढा, मल्याळममध्ये असलं तरी आकडे आणि तारीख वाचता येते. त्यात क्षेत्र किती लिहिलंय आणि तारीख कुठली आहे, ते आणि माडाचे वण किती भरले ते मला कळवा.